ग्विन प्रकल्प : १९९४ चे कार्ड सुटले, पण पंचेचाळीस सामने अडले

मागच्या नोंदीत अमेरिकन बेसबॉलच्या १९८४ च्या वर्ल्ड सिरीजचे, म्हणजे अंतिम मालिकेचे, पाचही सामने फाशांवर खेळून मांडण्याचे कबूल केले होते. ते पुढे ढकलावे लागत आहे. तीन आठवडे मी सॅन डिएगो पाद्रेसचा फलंदाज टोनी ग्विन याच्या १९९४ च्या कार्डापाशी, म्हणजे त्याचा हंगाम फाशांच्या आकड्यांत मांडणाऱ्या तक्त्यापाशी, अडकलो होतो आणि ते परवा रात्री अखेर सुटले.

नियम नेहमीचेच आहेत : दहा बाजूंचे तीन फासे, ००० ते ९९९ असे हजार खण आणि प्रत्येक प्लेट अपिअरन्सला, म्हणजे फलंदाजाच्या प्रत्येक पाळीला, एक फेक. त्या हंगामात ग्विनने ११० सामन्यांत ४१९ ॲट-बॅटमध्ये (वॉक, सॅक्रिफाइस वगैरे वगळून मोजलेल्या पाळ्यांत) १६५ हिट (सुखरूप बेस मिळवून देणारे फटके) मारले, म्हणजे सरासरी ०.३९४. माझ्या टेबलावर मात्र पहिल्या पुनर्खेळात ०.४४१, दुसऱ्यात ०.४२८ आणि तिसऱ्यात ०.४६३ अशी सरासरी आली. १९४१ मध्ये टेड विल्यम्सने ०.४०६ केल्यानंतर ०.४०० च्या ज्या उंबरठ्यापलीकडे नॅशनल आणि अमेरिकन लीगमध्ये कोणाचेच पाऊल पडले नाही, तो माझा ग्विन दर खेपेस धावत ओलांडत होता. एकदा असे झाले असते तर मी नशिबावर सोडून दिले असते, पण सलग तीनदा होणे हा योगायोग असू शकत नाही.

पहिला संशय साहजिकच फाशांवर गेला. ऑनलाइन मागवलेल्या स्वस्त संचातील फाशांच्या कडा इतक्या गोल असतात की ते थांबायला तयारच नसतात, आणि महिन्याभरात त्यांच्या आकड्यांचा रंग उडतो. असा संच पुन्हा घेणार नाही, हे येथेच नोंदवून ठेवतो. तिन्ही फासे मी मिठाच्या दाट पाण्यात तरंगवले आणि प्रत्येकाला शंभर वेळा टिचकी मारून वर येणारा आकडा टिपून घेतला. एकही फासा कोणत्याही बाजूला झुकत नव्हता. नाचता येईना अंगण वाकडे, अशीच ही गत होती.

चूक कार्डातच होती आणि लाज वाटावी इतकी साधी होती. या हंगामासाठी मी स्प्रेडशीट नव्याने केली होती आणि हिटच्या रकान्यात सरळ सरासरी उतरवून ३९४ खण दिले होते. सरासरीचा भाजक ॲट-बॅट असतो, माझे फासे मात्र प्लेट अपिअरन्सला पडतात. त्या हंगामात ग्विनच्या प्लेट अपिअरन्स ४७५ होत्या. त्यांपैकी ४८ वॉक (चार बाहेरच्या चेंडूंवर फुकट मिळणारा बेस), दोनदा चेंडू अंगाला लागला आणि सहा सॅक्रिफाइस (स्वतः बाद होऊन सहकाऱ्याला पुढे सरकवणारे फटके). म्हणजे हजार खणांत हिटचा वाटा ३४७ इतकाच निघतो. वॉकचे १०१ आणि उरलेल्या दोन प्रकारांचे १७ खण वेगळे ठेवून वर हिटला ३९४ दिले, तर ॲट-बॅटच्या ८८२ खणांवर सरासरी ०.४४७ होते, आणि माझे तिन्ही निकाल याच आकड्याभोवती घुटमळत होते. दुरुस्तीनंतरचा पहिला पुनर्खेळ ०.३८९ वर थांबला, तेव्हा मी फासे पुसून डबीत ठेवले आणि तो आकडा बराच वेळ नुसता पाहत बसलो. एक बारीक खंत उरतेच. ३४७ खणांना ०.३९३ येते, ३४८ दिले तर ०.३९५, नेमका ०.३९४ या कार्डावर बसतच नाही. मी कमी बाजूला राहिलो आहे.

खरी अडचण याच्या पुढची आहे. १२ ऑगस्टपासून खेळाडूंचा संप सुरू झाला, हंगाम तेथेच संपला आणि पाद्रेसचे ११७ सामनेच झाले. उरलेले ४५ सामने फाशांवर खेळणे हा या प्रकल्पाचा मूळ मोह होता. ग्विन त्यांतील ४२ खेळला असता आणि त्याला सुमारे १६० ॲट-बॅट मिळाल्या असत्या असे धरले, तर ०.४०० गाठायला एकूण ५७९ ॲट-बॅटमध्ये २३२ हिट हवे होतात, म्हणजे उरलेल्या १६० मध्ये ६७. ०.३९४ च्या कार्डाने खेळल्यास हे शंभरात सुमारे २९ वेळा साधते, ०.३५० च्या कार्डाने जेमतेम चार वेळा. तेव्हा सगळा निकाल कोणते कार्ड टेबलावर ठेवायचे यावरच ठरतो. जो हंगाम तपासायचा आहे त्याचेच कार्ड पुढच्या सामन्यांना वापरणे मला उत्तर आधी लिहून गणित मांडण्यासारखे वाटते. म्हणून १९९३, १९९४ आणि १९९५ या तीन हंगामांची बेरीज केली : १,४४३ ॲट-बॅटमध्ये ५३७ हिट, सरासरी ०.३७२. या कार्डावर शक्यता साधारण आठात एक उरते. मी हे ४५ सामने वीस वेळा खेळलो, त्यांत तीनदा ०.४०० गाठले गेले आणि एकदा हिशेब २३१ हिटवर, म्हणजे ०.३९९ वर येऊन थांबला. त्या रात्री झोप लागली नाही.

स्ट्राइकआउटचा (तीन स्ट्राइकवर बाद होण्याचा) स्तंभ मात्र पहिल्याच फटक्यात जमला. साऱ्या कारकिर्दीत ९,२८८ ॲट-बॅट, ३,१४१ हिट आणि स्ट्राइकआउट फक्त ४३४, त्यामुळे प्लेट अपिअरन्सच्या हिशेबाने त्याला हजारात ४२ खण पुरतात. फलंदाज आणि गोलंदाज यांची कार्डे निम्मी-निम्मी वापरण्याची जी पद्धत आपल्यापैकी काही जण वापरतात, ती मला येथे पटत नाही. गोलंदाज ग्रेग मॅडक्ससमोर ग्विनने ९४ ॲट-बॅटमध्ये ३९ हिट मारले आणि एकदाही स्ट्राइकआउट झाला नाही. निम्म्या-निम्म्या कार्डावर मॅडक्स त्याला सहज पाच-सहा वेळा स्ट्राइकआउट करतो. तिसरा बेस (क्षेत्ररक्षणातील जागा क्रमांक ५) आणि शॉर्टस्टॉप (क्रमांक ६) यांच्यामधील ती साडेपाच नंबरची फट मी डावखुऱ्या ग्विनसाठी वेगळा फासा टाकून ठरवतो.

हे लिहीत असतानाच पुढचा बेत बदलला. २००१ मध्ये निवृत्त होऊन पुढे कॉलेज संघाचा प्रशिक्षक झालेल्या ग्विनसाठी मी एक प्रशिक्षक-कार्ड योजले होते, ज्याने सॅन डिएगो स्टेट विद्यापीठाच्या प्रत्येक फलंदाजाला हिटचे पाच खण जास्त मिळणार होते. ते आता रद्द करतो. स्वतःची नजर कोणी दुसऱ्याला उसनी देऊ शकत नाही. ग्विनने १९८३ मध्ये हिट आटल्यावर घरच्या व्हीसीआरवर आपली फलंदाजी पत्नीकडून टेप करून घेतली आणि त्या फिती पाहून चूक शोधली. मुलांना द्यायचे असेल तर ते हेच. तेव्हा नवा नियम असा की दर दहा सामन्यांनंतर खेळाडूने फासा टाकावा आणि जिंकल्यास त्याचे स्ट्राइकआउटचे दहा खण साध्या बाद होण्याकडे वळवावेत. हिट वाढणार नाहीत, पण चेंडू मैदानात पडेल.

त्यातही गुंता आहेच. ग्विन २००२ मध्ये बिनपगारी साहाय्यक होता आणि २००३ च्या हंगामापासून २०१४ मध्ये मृत्यू होईपर्यंत मुख्य प्रशिक्षक. कॉलेजच्या बॅटी धातूच्या असतात आणि २०११ पासून त्यांचे मानक कडक झाल्याने फटक्यांचा जोर उतरला. म्हणजे या बारा हंगामांना एक मूळ तक्ता चालणार नाही. २०१० पर्यंतचा एक आणि नंतरचा दुसरा करावा लागेल. पहिला तक्ता या आठवड्यात सुरू करतो आहे. रेट्रोशीट या जुन्या सामन्यांच्या नोंदींच्या संकेतस्थळावर मेजर लीगचा (व्यावसायिक बेसबॉलचा) जो तपशील फुकट मिळतो तो कॉलेजसाठी नाही, म्हणून हे खण अंदाजाने बेतावे लागतील आणि आपल्या सूचना हव्याच आहेत. १९८४ च्या वर्ल्ड सिरीजमधील पाद्रेसचा प्रतिस्पर्धी डेट्रॉइट संघ तोवर पेटीत झाकून ठेवला आहे.