वाकड्या बांधाची मोजणी

जमीन मोजायला जाताना गावनकाशा हातात आला की मी आधी वाटा बघते, नंबर नंतर. गाडीवाटा दुहेरी तुटक रेषांनी काढलेल्या असतात आणि बहुतेक गावांत त्या चहूबाजूंनी गावठाणात येऊन मिळतात. माण तालुक्यातल्या ज्या वाडीबद्दल लिहिते आहे, तिच्या जुन्या नकाशात सगळ्या वाटा ओढ्याकाठच्या एका जागी येत होत्या, आणि तिथं गावठाणच नव्हतं. नुसता एक सर्व्हे नंबर. वाडी तिथून बरीच वर, डोंगराच्या पायथ्याला मुरमाड माळावर. नेमक्या त्या ओढ्याकाठच्या जमिनीतच माझी 'हद्द कायम' मोजणी लागली होती, म्हणजे कागदावरची हद्द जागेवर दाखवून द्यायची.

अर्जदार आणि लगतदार, म्हणजे लगतच्या जमिनीचा मालक, चुलतभाऊ. वाद त्यांच्या वडिलांपासूनचा. मधला बांध विळ्यासारखा वाकलेला. अर्जदाराचं म्हणणं, चुलत्यानं बांध रेटला. लगतदाराचं म्हणणं, आजोबांच्या आधीपासून तो आहे तिथंच आहे. दोघांचे कागद नीट, सातबाऱ्यावरचं क्षेत्र नीट, आणि तरी जागेवर एकाला गुंठे कमी भरत होते.

माणात गुंठ्यासाठी माणसं का झगडतात हे बाहेरच्याला पटकन कळत नाही. सातारा जिल्हा एकच, पण महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि इकडे पाचशेच्या आसपास, तोही बेभरवशाचा. माणगंगा कुळकजाईच्या डोंगरात उगम पावते, तालुक्यातून वाहत पुढं भीमेला मिळते, पण वर्षातले कित्येक महिने तिच्या पात्रात वाळूच दिसते. अशा मुलखात ओढ्याकाठची काळी जमीन म्हणजे घराचा आधार. म्हणून त्या भावांना भांडखोर म्हणायला माझं मन धजत नाही.

उपग्रहांवरून जागा मोजणारा रोव्हर लावला, लांबच्या पक्क्या खुणा धरल्या आणि जुन्या टिपणावरून, म्हणजे मूळ मोजणीच्या मापांच्या कागदावरून, रेषा उतरवली. टिपणावरची मापं साखळी-आण्यांतली. तेहतीस फुटांची साखळी, तिचे सोळा आणे. साखळीभर लांब आणि साखळीभर रुंद म्हणजे एक गुंठा, असे चाळीस म्हणजे एकर. टिपणातली हद्द सुतासारखी सरळ निघाली. बांध मात्र मध्यावर चांगला साखळी-दीड साखळी फुगलेला. अर्जदार लगेच म्हणाला, "बघा ताई, मी काय म्हणत होतो?"

पण मला तो बांध खटकत होता. रेटलेला बांध मातीचा असतो, नांगराच्या तासागणिक सरकत गेलेला. हा बुडाशी दगडांचा होता. एका जागी पावसानं ढासळला होता तिथं मी बसून बघितलं. दोन्ही अंगांना ताशीव तोंडाचे मोठे दगड ओळीत, मधे चिपा आणि चिखल भरलेला, रुंदी एवढी की माणूस आडवा झोपेल. शेताला कुणी असा बांध घालत नाही. मग दोन्हीकडची माती बघितली. बाहेरच्या अंगाला काळी, भेगाळलेली. आतल्या अंगाला राखेसारखी पांढुरकी, भुसभुशीत, आणि तिच्यात खापऱ्या: काठाची, गळ्याची, एक जाड बुडाची. जात्याच्या तळीचा तुकडाही निघाला.

लगतदाराच्या आई बांधावर बसल्या होत्या. त्यांना विचारलं. "आवं, आमच्या सासूबाई हितनंच पांढरी न्यायच्या, माळवदावर टाकायला. पावसाच्या आधी सगळी वाडी हितं यायची." माणदेशातल्या धाब्याच्या घरांवर पांढऱ्या मातीचा थर देतात तो गळती थांबवायला, आणि ती माती मिळते जुन्या वस्तीच्या जागेवर. पिढ्यान्‌पिढ्या जिथं घरं पडून पुन्हा उभी राहतात, तिथली जमीन अशी होते.

म्हणजे तो बांध नव्हता, गावकूस होता. गावाचा तट. वाटा इथं का येत होत्या तेही उलगडलं.

पंचांमधले एक वयस्कर आबा म्हणाले, "पेंढारी आलं तवा वस्ती उठली म्हनत्यात. उठली ती डोंगराकडंला गेली." या मुलखात ते अगदी जुळणारं आहे. 1802 साली यशवंतराव होळकरांनी हडपसरला पेशव्यांचा पराभव केला, त्यानंतर फौजा आणि पेंढाऱ्यांनी देश धुऊन काढला आणि पाठोपाठ 1803-04 चा दुष्काळ आला. साताऱ्याचं राज्य 1848 नंतर खालसा झालं आणि पुढं इंग्रजांची मोजणी इथं पोचली, तेव्हा गाव उठून गेलं होतं. त्यांनी रिकाम्या जागेवर सरळ रेषांनी नंबर पाडले. वाटा मात्र लोक चालत होते तशाच नकाशावर उतरल्या. कसणाऱ्यांनी मात्र आयता दगडांचा उंचवटा दिसला तोच बांध धरला. कुणी काही रेटलं नव्हतं. दोन घरं दोन पिढ्या एकमेकांना चोर म्हणत राहिली ती एका तटामुळं.

जुनी माणसं इथं का राहिली तेही तिथंच दिसत होतं. ओढा वळतो तिथं तळाला सलग काळा खडक आहे आणि त्याच्यावर पाणी अडतं. काठच्या विहिरीला उन्हाळ्यातही पाणी होतं. वर वाडीत त्याच दिवशी टँकर येऊन गेला होता.

तटाच्या टोकाला शेंदूर फासलेला एक दगड दोन्ही घरं अवसेला पुजतात. जवळ जाऊन बघितलं तर वीरगळ. खालच्या पट्टीत ढाल घेतलेला माणूस आणि गाईंची तोंडं, मधल्या पट्टीत त्याला वर नेणाऱ्या अप्सरा, वर पिंडीसमोर हात जोडून बसलेला तोच माणूस, माथ्यावर चंद्र-सूर्य. गावची गुरं सोडवताना मेलेल्याचा दगड. महाराष्ट्रातले बहुतेक वीरगळ शिलाहार-यादवांच्या काळातले. गावाचं वय पेंढाऱ्यांच्या मागं कितीतरी जातं.

हद्द मला अभिलेखाप्रमाणेच दाखवावी लागते. तशी दाखवली, निशाण्या केल्या. फुगवट्यातली जमीन अर्जदाराकडं गेली आणि वीरगळही. तो उद्या जेसीबी आणून बांध सपाट करणार, हे ऐकल्यावर मी त्याला बाजूला घेऊन तट दाखवला, दगडांची तोंडं दाखवली, खापऱ्या हातात दिल्या. हे माझ्या कामात बसत नाही, पण तालुक्यातले असे किती तट सपाटीकरणात गेले असतील याचा विचार करून जीव तुटतो. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग चुलतभावालाच म्हणाला, "तात्या, दगडाचं टोक र्‍हाऊ दे. खालनं सपाट करतो." तात्या म्हणाले, "मग अवसेला यायला वाट ठेव." तेवढ्यावर दोघांचं जमलं. पंचनाम्यावर सह्या झाल्या.

'क' प्रत, म्हणजे अर्जदाराला द्यायचा मोजणीचा नकाशा, तयार करताना मी हद्द सरळ रेषेत काढली, वहिवाटीचा वाकडा बांध तुटक रेषेनं दाखवला आणि त्याच्या टोकाला ठळक खूण करून लिहिलं: वीरगळ.