बापाचं जाळं

रोम आणि फ्लॉरेन्सबद्दल मी काही लिहिणार नाही. रांगा, ऊन, महागडं पाणी आणि पुन्हा रांगा, एवढंच लक्षात राहिलंय. नेपल्सचं हॉटेल बिनलिफ्टचं निघालं आणि चौथा मजला गाठेपर्यंत दादाच्या बॅगेचं चाक निखळलं. पण त्याच नेपल्समधलं एक चॅपल डोक्यातून जात नाहीये.

कापेला सानसेवेरो. सान दोमेनिको माज्जोरे चौकाजवळच्या गल्लीत, बाहेरून अगदीच साधं. आत फोटो काढायला सक्त मनाई. मला ती फार आवडली. नाइलाजानं का होईना, माणसं डोळ्यांनी बघतात.

अठराव्या शतकात राइमोंदो दि सांग्रो या सानसेवेरोच्या प्रिन्सनं घराण्याचं हे दफनस्थान नव्यानं सजवलं आणि खांबाखांबाशी एकेक गुण संगमरवरात उभा केला. प्रामाणिकपणा, औदार्य, शिक्षण, सगळे माणसांच्या रूपात. आत्मसंयम म्हणजे सिंहाला साखळीनं धरून ठेवलेला रोमन शिपाई. यातले बरेचसे पुतळे घराण्यातल्या सुनांच्या स्मरणार्थ आहेत. सगळे सद्गुण सुनांच्या वाट्याला, ही रीत तिकडेही आहे तर!

गर्दी मात्र मधोमध, झिरझिरीत वस्त्र पांघरून निजलेल्या ख्रिस्ताभोवती. सानमार्तीनो या शिल्पकारानं १७५३ साली तो वस्त्रासकट एकाच दगडातून काढला. कमाल आहेच, वादच नाही. पण टूरवाल्यांचे घोळके तिथेच थिजतात आणि वेदीकडे ढुंकूनही बघत नाहीत. तिथे दोन बाजूंना राइमोंदोचे आईबाप आहेत.

आई गेली तेव्हा तो वर्षाचाही नव्हता. तिच्यासाठी कोर्रादिनी या शिल्पकारानं शालीनतेचा पुतळा घडवला. ओलेत्यासारखं अंगाला बिलगलेलं तलम वस्त्र, आणि हाताशी तुटकी शिळा, अर्ध्यावर तुटलेल्या आयुष्याची.

आणि बाप? बायको गेल्यावर हे अंतोनियोसाहेब पोराला आजोबांच्या गळ्यात घालून देशोदेशी भटकले, नको ते सगळे शौक केले आणि पुढे पश्चात्ताप होऊन पाद्री झाले. पोरानं त्यांच्या नावे उभा केला मोहभंग. माशाच्या जाळ्यात अडकलेला पुरुष ते अंगावरून काढू बघतोय, आणि कपाळावर ज्योत असलेला पंखवाला मुलगा त्याला मदत करतोय. ते जाळं दगडाचं आहे! दोऱ्या, गाठी, मधली भोकं, सगळं. भोकातून डोकवावं तर आत पोकळी. क्वेइरोलोचं काम. घासून गुळगुळीत करायला कुणी कारागीर हात लावेना, हातात तुटलं तर काय घ्या. शेवटी त्यानं स्वतःच प्यूमिस दगडानं घासलं, असं सांगतात. मी तिथून हलेना, तेव्हा दोनदा मागून ढकलून झालं. ढकलू देत.

"आपल्याकडे कुणी केलं असतं का गं असं?" दादानं विचारलं.

कशाला करेल? आपल्याकडे माणूस गेला की फोटोला हार, आणि तेराव्याला त्याचा देवमाणूस. दारू, जुगार, बाहेरची भानगड, सगळं श्राद्धाच्या पानाखाली सरकवून टाकायचं. इथे मुलानं बापाचं जाळं घराण्याच्या वेदीशी मांडून ठेवलंय, येणाऱ्या-जाणाऱ्यानं बघावं म्हणून.

तळघरात रक्तवाहिन्यांचं जंजाळ दाखवणारे दोन सांगाडे आहेत. दादा त्यांच्यावर खूश, मला मळमळलं.

बाहेर पिझ्झाची वाट बघताना आमची जुंपली. दादाचं म्हणणं, मुलानं बापाला माफ केलं, सोडवलं म्हणून तर दाखवलंय. मी म्हटलं, सोडवलंय कुठे? सोडवताना दाखवलंय. पाय अजून आतच आहेत. माफ करायचं असतं तर सरळ पाद्र्याच्या झग्यात उभा केला असता.

"मग जाळं कोरायला कुठे मिळालं असतं त्या शिल्पकाराला?" दादा म्हणाला, आणि पिझ्झा आला.