मोटर, तांबं आणि थकलेली बिलं : किट्वेतली आमची वाटचाल

झांबियाच्या कॉपरबेल्टमध्ये, म्हणजे तांब्याच्या खाणींच्या पट्ट्यात, खाणवाल्यांची खरी मारामारी पाण्याशी असते. चिलिलाबोंब्वेजवळची कोंकोला खाण जगातल्या सर्वांत ओल्या खाणींपैकी एक. तिथून दिवसाला साधारण 3 लाख घनमीटर पाणी उपसतात. पंप थांबला की खालच्या पातळ्या बुडायला लागतात. त्यामुळे मोटर जळाली की खाणीचा मॅनेजर आधी वाइंडरला, म्हणजे जळालेल्या मोटरीत नवी तार भरणाऱ्याला शोधतो, देवाला नंतर. बिल देताना मात्र हा क्रम उलटा होतो. आमच्या फर्मचा सगळा इतिहास या दोन वाक्यांत आला, पण संपादक म्हणाले सविस्तर लिहा, म्हणून लिहितो.

मी सांगलीकडचा. आमच्याकडे उसाला पाणी पाजायचं, व्होल्टेज पडायचं आणि शेतकऱ्यांच्या मोटरी जळायच्या. त्या भरता भरता हात बसला. 1974 साली खाणीच्या करारावर इलेक्ट्रिशियन म्हणून किट्वेला आलो. आमच्यासारख्यांना बोलावण्याचं कारण साधं होतं. 24 ऑक्टोबर 1964 ला देश स्वतंत्र झाला तेव्हा इथे पदवीधर होते सुमारे 100. गोऱ्यांनी सत्तर वर्षं राज्य केलं, तांबं काढलं, पण शाळा काढायला ते विसरले. झांबियाचं विद्यापीठ सुरू झालं ते 1966 मध्ये.

मी आलो तेव्हा एका गुजराती काकांनी बजावलं होतं, "दुकान काढू नकोस, हातात कसब ठेव." त्यांना चटका बसलेला होता. 1968 मध्ये राष्ट्राध्यक्ष काउंडांनी मुलुंगुशीला सुधारणा जाहीर केल्या आणि मोठ्या शहरांचे मध्यभाग सोडले तर बाकी ठिकाणी किरकोळ दुकानाचा परवाना फक्त नागरिकांना मिळेल असं ठरलं. पिढ्यान्‌पिढ्या आडगावात मीठ-कापड विकणारी कुटुंबं लुसाकात किंवा इंग्लंडातल्या लेस्टरला जाऊन बसली. काका कडवट बोलायचे. मला त्यात दोन्ही बाजू दिसतात. आफ्रिकी गिऱ्हाइकाला खिडकीतून माल देण्याची पद्धत याच देशात 1950च्या दशकापर्यंत होती आणि ती काही फक्त गोऱ्यांच्याच दुकानांत नव्हती. पण काकांचा सल्ला मी ऐकला.

भागीदाराबद्दल लिहिल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. वर्कशॉपमध्ये सगळे त्यांना मुदाला म्हणायचे, म्हणजे वडीलधारे. मीही तेच म्हणायचो. मुदाला खाणीत लागले ते फेडरेशनच्या, म्हणजे स्वातंत्र्याआधीच्या गोऱ्यांच्या राजवटीच्या काळात. कुशल कामं गोऱ्यांसाठी राखीव होती, म्हणून कागदोपत्री त्यांचा हुद्दा 'मदतनीस'. इन्सुलेशन तपासायचं यंत्र, म्हणजे मेगर, ते लावायचे, जळालेला स्लॉट ते ओळखायचे, वेटोळी ते भरायचे आणि जॉब कार्डावर सही दुसऱ्याची. स्वातंत्र्यानंतर त्यांना बढती मिळाली, पण पंचवीस-तीस वर्षांच्या पोरांना हाताखाली घेऊन शिकवायची ओढ त्यांना खाणीत बसू देईना. 1983 मध्ये आम्ही दोघांनी मिळून शेड घेतली. काउंडांनी खाणींमध्ये सरकारचा 51 टक्के हिस्सा ठेवला होता, आम्ही मुदालांचा 51 ठेवला. परवान्यासाठी ते सोयीचं होतंच, पण खरं सांगायचं तर वाइंडिंगमध्ये ते माझ्यापेक्षा सरस होते. सरकारचे 51 टक्के पुढे गेले, मुदालांचे अजून आहेत.

हत्यारांचं सांगतो. हाताने फिरवायचं वाइंडिंग मशीन मी मुंबईहून बोटीने मागवलं. ते दार-एस-सलामच्या बंदरात अडकलं, मग टाझाराने कापिरी म्पोशीला उतरलं. टाझारा म्हणजे चिन्यांनी बांधून दिलेली 1860 किलोमीटरची रेल्वे. दक्षिणेला ऱ्होडेशियाच्या, म्हणजे आजच्या झिम्बाब्वेच्या, गोऱ्या सरकारशी वाकडं होतं, म्हणून समुद्राला जायला ही वाट काढली. माल यायचा, पण आपल्या मर्जीने यायचा. त्या मशीनचा काउंटर आजही बरोबर आहे. हल्लीची पोरं डिजिटलवर विसंबतात आणि शेवटचं वेटोळं चुकवतात. खाचांत ठोकायच्या बांबूच्या पट्ट्या आम्ही स्वतः तासायचो, तासून तेलात उकळायचो. मुदालांची एक कानस होती, तिला दुसऱ्या कुणी हात लावलेला त्यांना खपायचा नाही.

आणि कुणी विचारलेलं नसलं तरी सांगून ठेवतो. जुनं वाइंडिंग सोडवायला ब्लो टॉर्च मारू नका. वेळ वाचतो, पण कोअरच्या पत्र्यांमधलं इन्सुलेशन जळतं आणि मोटर त्यानंतर कायम गरम चालते. गिऱ्हाइकाला वाटतं पंपच वाईट. भट्टीत ठेवा, तापमान बघा, चहा प्या.

1980चं दशक म्हणजे तारेची टंचाई. गंमत पाहा, जगाला तांबं पुरवणाऱ्या देशात मला हव्या त्या गेजची एनॅमल तार परदेशातून आणावी लागायची. 1975 मध्ये तांब्याचा भाव कोसळला आणि सरकारची तिजोरी त्याच्याबरोबर बसली. परकीय चलनासाठी बँकेकडे अर्ज करायचा आणि रांगेत नाव लावून ठेवायचं. तेल, साबण, मक्याचं पीठ, सगळ्याला रांगा. जळालेल्या मोटरीतून निघालेलं तांबंही जवळ बाळगायची चोरी, कारण पोलिसाच्या लेखी तांब्याचा प्रत्येक तुकडा खाणीतून पळवलेला. प्रत्येक किलोचा कागद मुदाला जपून ठेवायचे. पुढे जेराबो नावाची चोरट्या तांब्याची टोळकी उघड्यावर मोटारी मिरवायला लागली, त्यांना कागद विचारताना मी कुणाला पाहिलं नाही.

याच काळातलं आमचं गिऱ्हाईक म्हणजे बामायो. वस्तीत तिची चिगायो होती, मका दळायची गिरणी. बायका डोक्यावर मका घेऊन यायच्या आणि दळून न्यायच्या. मोटर 15 हॉर्सपॉवरची. दळण कोरडं हवं असं तिला शंभरदा सांगितलं तरी ती ओला मका घ्यायची आणि मोटर जळायची. डिसेंबर 1986 मध्ये सरकारने, नाणेनिधीच्या दबावाखाली, गिरणीच्या बारीक पांढऱ्या पिठावरचं अनुदान काढलं. जाड्या पिठावरचं ठेवलं, पण भरपाई मिळेल याचा गिरणीवाल्यांना भरवसा नव्हता, ते जाडं पीठ काढेनात. बाजारात दोन्ही नाही. किट्वे आणि न्डोला पेटले, पंधराएक माणसं मेली, काउंडांनी अनुदान परत आणलं आणि मोठ्या गिरण्या सरकारजमा केल्या. त्या आठवड्यात बामायोची गिरणी दिवसरात्र चालली आणि अर्थात जळाली. मुदालांनी संचारबंदीत शेडमध्येच झोपून ती भरली. बिल तिने पिठात दिलं. आमच्या कामगारांना त्या महिन्यात पगारापेक्षा ते पीठ जास्त उपयोगी पडलं.

1991 मध्ये निवडणूक झाली, काउंडा हरले, चिलुबा आले. सत्तावीस वर्षांनी खुर्ची सोडताना काउंडांनी खळखळ केली नाही, हे त्यांचं श्रेय त्यांना द्यायलाच हवं. मधली काही वर्षं आमची बरी गेली, त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

पुढचं लिहिण्यासारखं आहे.

नव्या सरकारने सगळं खुलं केलं. जुन्या कपड्यांची, म्हणजे सलाउलाची, गासडी बाजारात आली आणि आमची कापड गिरण्यांची कामं वर्षा-दोन वर्षांत आटली. राहिल्या खाणी. झेडसीसीएम या सरकारी खाण कंपनीकडून बिलाचे पैसे उशिरा यायचे, पण यायचे. ती कंपनी रस्त्यावरचे दिवे बदलायची, दवाखाने चालवायची, क्लबातला पोहण्याचा तलावही साफ करायची. सहा-सात लाख टनांवरचं तांब्याचं उत्पादन मात्र 2000 पर्यंत अडीच लाखांवर आलं होतं. 1997 ते 2000 दरम्यान खाणी तुकड्यातुकड्यांनी विकल्या. नव्या मालकांशी करार असे केले की रॉयल्टी 0.6 टक्के, आणि पुढची कितीतरी वर्षं कर वाढवणार नाही असं वचन. आम्ही व्हॅट भरत होतो, पूर्ण.

त्यातल्या एका नव्या मालकाने, नाव लिहीत नाही, आमच्याकडून एकामागून एक पंपाच्या मोटरी भरून घेतल्या. 3300 व्होल्टच्या. तार आमची, वार्निश आमचं, रात्रपाळी आमची. मग भाव पडला, टनाला 1500 डॉलरच्या आसपास, आणि बिलं ड्रॉवरमध्ये गेली. मी जायचो, गेटवर सही करायचो, बाकावर बसायचो. आत गेलो की सांगायचे, निर्णय परदेशातल्या ऑफिसात होतो. शेजारीच दक्षिणेकडून आलेल्या एका मोठ्या कंपनीने चकचकीत वर्कशॉप टाकलं. व्हॅक्यूमखाली वार्निश भरायचं यंत्र, पिवळे हेल्मेट, प्रयोगशाळा. मुदालांनी घडवलेली पोरं दुप्पट पगारावर तिकडे गेली. पोरांना दोष नाही. पण त्याच खाणीने त्यांचं बिल तीस दिवसांत दिलं, हे मला आजही पचलेलं नाही. आमचं काम जास्त टिकायचं. हे मी म्हणत नाही, त्यांच्याच फोरमनने रजिस्टर दाखवलं होतं.

आणि त्याच वर्षांत माणसं जात होती. एड्सने. त्या काळी या देशात प्रौढांपैकी सहा-सात जणांमागे एकाला लागण होती. एक वाइंडर तयार व्हायला पाच वर्षं लागतात. आमच्या शेडमध्ये बाकं रिकामी व्हायला लागली. मुदाला सकाळी वर्कशॉपला आणि दुपारी अंत्ययात्रेला. त्यांच्या खाणीतल्या निवृत्तीचे पैसेही खाजगीकरणाच्या घोळात रखडले होते. त्यांना राहतं घर विकत मिळालं, एवढाच काय तो लाभ.

बँकेने ओव्हरड्राफ्ट थांबवला तेव्हा शेड बंद करायचं आम्ही ठरवलं होतं. ही गोष्ट वस्तीत पसरली. बामायो हातगाडीवर गिरणीची मोटर घेऊन आली आणि भरणावळ आगाऊ मोजून गेली. मुदालांनी खोलून पाहिलं. वाइंडिंग शाबूत होतं. त्यांनी बेअरिंगं बदलली आणि बाकी पैसे तिच्या खात्यावर जमा धरले. पाठोपाठ वस्तीतले इतर चिगायोवाले, एक मिशन हॉस्पिटल, दोन शेतकरी, असे लोक यायला लागले. छोटी कामं, पण रोख. त्यावर आम्ही तगलो. त्या खाणीची बिलं आजतागायत आलेली नाहीत. फाइल आहे माझ्याकडे, हिरवी. तरुण उद्योजकांना एवढंच सांगतो, एका गिऱ्हाइकाचं काम तिसऱ्या हिश्शापुढे जाऊ देऊ नका. आणि मेव्हण्याला स्टोअर सांभाळायला ठेवू नका, पण तो वेगळा विषय आहे.

2004 नंतर चीनने तांबं मागायला सुरुवात केली आणि सगळ्यांचे दिवस पालटले. 2008च्या जुलैमध्ये टनाला पावणेनऊ हजार डॉलरच्या पुढे गेलेला भाव डिसेंबरात तीन हजारांच्या खाली. शेजारच्या चकचकीत वर्कशॉपला हे झेपलं नाही, त्यांनी महिन्याभरात गेट बंद केलं. त्यांची भट्टी आणि व्हॅक्यूमचं यंत्र लिलावात आम्ही घेतलं. मुदाला त्या दिवशी कोट घालून आले होते. ते 2011 मध्ये गेले. यंत्र उत्तम आहे, खोटं कशाला बोलू.

2013 मध्ये क्वाचाचे, म्हणजे इथल्या चलनाचे, तीन शून्य उडाले तेव्हा हिशेबाच्या वह्या हलक्या झाल्या. आता मुदालांची मुलगी इलेक्ट्रिकल इंजिनिअर होऊन वर्कशॉप बघते, किट्वेच्याच कॉपरबेल्ट विद्यापीठात शिकली. 51 टक्क्यांची मालकीण, आणि मला ते रोज जाणवतं. 2024च्या दुष्काळात करिबा धरणाचं पाणी आटलं, वीज दिवसाचे बरेचसे तास गायब, तेव्हा जनरेटरचे आल्टरनेटर भरून घ्यायला रांग लागली. आगाऊ पैसे घेतल्याशिवाय ती काम उघडत नाही. खाणींनाही हाच नियम.

गेल्या महिन्यात एका खाणीच्या खरेदी खात्याने नव्या पुरवठादारांसाठी फॉर्म पाठवला. 'या क्षेत्रातला अनुभव' या रकान्यात दोन ओळींची जागा होती. तिने वेगळा कागद जोडला आणि सोबत हिरव्या फाइलमधल्या सगळ्यात जुन्या बिलाची प्रतही.