सैल अंगठी

आजीची अंगठी मला सैल होते, म्हणून मागच्या बाजूला दोरा गुंडाळून घालते. आजीने ती स्वतःच काढून दिली होती. "मी गेल्यावर भांडत बसाल, त्यापेक्षा आत्ताच घे," म्हणाली आणि साबणाचा फेस करून बोटाशी चांगली पाच मिनिटं झटापट केली.

परवा मळलेला दोरा बदलताना ब्रुनो गांझ आठवला. हा स्विस नट. नाव आपल्याकडे फारसं कुणाला ठाऊक नसेल, पण चेहरा मोबाइलवर नक्की येऊन गेलाय. बंकरमध्ये नकाशासमोर बसलेला हिटलर थरथरत्या हाताने चष्मा काढतो आणि सेनापतींवर तुटून पडतो, आणि खाली कुणीतरी क्रिकेटबद्दलच्या भलत्याच ओळी चिकटवलेल्या असतात. मीही पोट धरून हसले होते. मग एकदा मूळ 'डाउनफॉल' (२००४) पाहिला आणि हसू आटलं. त्या भूमिकेसाठी गांझ रुग्णालयात जाऊन पार्किन्सनचे रुग्ण पाहून आला होता. फिनलंडमध्ये १९४२ साली चोरून ध्वनिमुद्रित केलेला हिटलरचा साध्या गप्पांमधला आवाजही त्याने पुन्हापुन्हा ऐकला. सभेत गर्जणारा नव्हे, खासगीत बोलत बसलेल्या माणसाचा आवाज.

आणि हाच माणूस १९८७च्या 'विंग्ज ऑफ डिझायर'मध्ये देवदूत! लांब ओव्हरकोट घालून बर्लिनभर फिरतो, लोकांच्या मनातलं ऐकतो आणि शेवटी गरम कॉफीसाठी, थंडीत तळहात चोळण्याच्या सुखासाठी अमरपणावर पाणी सोडतो. (प्रेमासाठीही, पण मला कॉफीच जास्त पटली.) त्यानंतर म्हणे विमानात त्याला पाहून लोकांना हायसं वाटायचं. हा आहे ना बरोबर, मग काही होणार नाही!

खरं तर तो आधी रंगभूमीचा. १९४१चा, झुरिकमधला जन्म. १९७०मध्ये दिग्दर्शक पीटर श्टाइनबरोबर पश्चिम बर्लिनच्या शाउब्यूने नाट्यगृहात मंडळी जमवणाऱ्यांत तो होता. पुढे २०००मध्ये श्टाइननेच हानोव्हरला गटेचा 'फाउस्ट' एक ओळही न गाळता उभा केला, त्यात म्हातारा फाउस्ट गांझने केला. मध्यंतरं धरून वीस तासांच्या वर! आपली संगीत नाटकं रात्रभर चालायची त्याचं कौतुक आता जरा कमी करावं लागेल.

पण मला तो आठवला अंगठीमुळे. जर्मन रंगभूमीवर 'इफलँड अंगठी' नावाची एक हिरेजडित अंगठी आहे. इफलँड हा अठराव्या शतकातला मोठा नट, त्याची छबी तिच्यावर आहे. जर्मन बोलणाऱ्या नटांतला जो सर्वांत मोठा, त्याच्याकडे ती आयुष्यभर राहते. आपल्यामागे ती कुणाला द्यायची, हे त्याने लिहून ठेवायचं. निवड समिती नाही, मतदान नाही, एका नटाचं मत.

आणि हे मत फार दगा देतं. आल्बर्ट बासरमान या नटाने आधी जिरार्डीला निवडलं, तो १९१८मध्ये गेला. मग पालेनबर्ग, तो १९३४मध्ये विमान अपघातात गेला. मग मॉइसी, तो पुढच्याच वर्षी. तीन वारस, तिन्ही आपल्याआधी! सांगतात की बासरमानने अंगठी मॉइसीच्या शवपेटीवरच ठेवली आणि ती कशीबशी परत काढावी लागली. त्याने त्यानंतर चौथं नाव काढलं नाही. मी तरी कसं काढलं असतं?

गांझला ती १९९६मध्ये योझेफ माइनराडकडून मिळाली. गांझच्या मनात पुढचा वारस म्हणून गेर्ट फोस हा नट होता. फोस २०१४मध्ये गेला. गांझला पुन्हा कागद घेऊन बसावं लागलं असणार. त्याने येन्स हार्त्सर या नटाचं नाव लिहिलं, आपल्यापेक्षा तीस वर्षांनी लहान. फेब्रुवारी २०१९मध्ये गांझ गेला तेव्हा ते नाव जगाला कळलं.

माझ्या अंगठीत हिरा नाही, छबी नाही. आत आजीच्या बोटाने घासून गुळगुळीत झालेली एक कड आहे. नवा दोरा गुंडाळत होते तेवढ्यात भाचीने ती उचलून स्वतःच्या अंगठ्यात घातली आणि हात उंच करून आरशासमोर उभी राहिली. अंगठ्यातही गोल गोल फिरत होती. सहा वर्षांची आहे.