मोटार जळाली नव्हती, बेल्ट घासला होता

कापूस वेचणीच्या दिवसांत आमच्या घरी कपड्यांचा ढीग दररोज पडतो. कपाशीच्या पऱ्हाटीतून दिवसभर फिरून आलेल्या कपड्यांना काळ्या मातीची पुटे चढलेली असतात आणि ती नुसत्या भिजवण्याने निघत नाहीत. आईचे गुडघे दुखू लागल्यानंतर आम्ही दोन टाक्यांचे सेमी-ऑटोमॅटिक वॉशिंग मशीन घेतले होते. मागच्या हंगामात, नेमके वेचणी भरात असताना, आईने मला वावरातून आल्या आल्या सांगितले, "बाबू, हे मशीन नुसतं गुनगुनून राह्यलं, फिरून नाही राह्यलं."

तालुक्याच्या गावाहून आलेल्या कारागिराने मागचे झाकणसुद्धा न उघडता मोटार जळाल्याचे सांगितले आणि नव्या मोटारीसाठी अडीच हजार रुपये मागितले. मला ते पटले नाही, कारण मशीन रिकामे असताना किंवा नुसत्या पाण्यात खालची चकती नीट फिरत होती. कपडे टाकले की मात्र ती अडायची, मोटारीचा आवाज तसाच चालू राहायचा आणि थोड्या वेळाने रबर जळाल्याचा वास यायचा. मोटार खरोखर जळाली असती, तर ती रिकाम्या टाकीतही अशी फिरली नसती. मोटारीला सुरुवातीची गती देणारा कपॅसिटर निकामी झाला असता, तरी ती सुरुवातीलाच अडखळली असती. शेजारची कपडे पिळण्याची टाकी व्यवस्थित चालत होती, पण त्यावरून काहीच ठरवता येत नव्हते, कारण या प्रकारच्या मशीनमध्ये धुण्याची आणि पिळण्याची मोटार वेगवेगळी असते. पिळण्याची टाकी थेट आपल्या मोटारीवर बसवलेली असते, तर धुण्याच्या चकतीला मोटारीची गती बेल्टमधूनच मिळते. भार आल्यावर घसरणारी वस्तू मोटार आणि चकती यांच्या मध्ये एकच होती, ती म्हणजे हा बेल्ट.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी प्लग काढला, पाण्याची नळी खाली सोडून टाकी पूर्ण रिकामी केली आणि मागचे झाकण उघडले. वीज बंद केल्यानंतरही कपॅसिटरमध्ये काही काळ विद्युतभार राहू शकतो, म्हणून त्याच्या वायरींना मी हात लावला नाही. तळाशी काजळीसारखी काळी भुकटी पसरलेली होती. ती बेल्टच्या रबराची होती. चकतीकडची मोठी पुली, म्हणजे बेल्ट ज्यावरून फिरतो ते खाचेचे चाक, हाताने फिरवत बेल्ट कडेने उतरवला आणि उजेडात नेऊन उलटा वाकवून पाहिला, तेव्हा आतल्या बाजूला एप्रिलमधल्या आपल्या काळ्या वावरासारख्या भेगा दिसल्या. दोन्ही उतरत्या कडा काचेसारख्या गुळगुळीत झाल्या होत्या. हा बेल्ट व्ही आकाराचा असल्यामुळे तो पुलीच्या खाचेत दोन्ही कडांनी रुतून पकड घेतो; कडा घासल्या की तो खाचेच्या तळाला टेकतो आणि मग कितीही ताणला तरी घसरतच राहतो. मोटारीच्या लहान पुलीचा तळ चकाकत होता, यावरून आमच्या बेल्टचे नेमके हेच झाले होते हे लक्षात आले.

बेल्टवर छापलेला क्रमांक अर्धवट पुसला गेला होता. जुना बेल्ट मोजून नवा घ्यावा असे वाटते, पण वापरलेला बेल्ट ताणून लांब झालेला असतो, त्यामुळे त्या मापाचा नवा बेल्ट सैल पडण्याची शक्यता असते. मी ओल्या फडक्याने तो भाग हलकेच पुसून उरलेले आकडे वाचले आणि जुना बेल्ट व मशीनचा मॉडेल क्रमांक घेऊन दारव्ह्याच्या बाजारात गेलो. त्याच रुंदी-जाडीचा, त्याच क्रमांकाचा बेल्ट ८० रुपयांना मिळाला.

बसवण्याच्या वेळी आमच्या शेजारचे काकाजी मदतीला आले. त्यांनी तीस वर्षे पिठाची चक्की चालवली आहे आणि पट्ट्याचा ताण त्यांना बोटाने कळतो. आम्ही मोटारीचे बोल्ट सैल करून तिला लांबट छिद्रांमध्ये आत सरकवले, बेल्ट आधी लहान पुलीवर घातला आणि मोठी पुली फिरवत तिच्यावर चढवला. मग मोटार मागे ओढून ताण दिला. काकाजींनी दोन पुलींच्या मध्यावर अंगठ्याने दाबून पाहिले आणि पहिल्यांदा नकारार्थी मान हलवली, कारण मी बेल्ट फार ताणला होता. जास्त ताणामुळे मोटारीचे आणि चकतीखालच्या गिअर बॉक्सचे बेअरिंग लवकर झिजते, मोटारही तापते. शेवटी बेल्ट सुमारे अर्धा ते पाऊण सेंटिमीटर दबेल इतपत ठेवून बोल्ट आवळले. दोन्ही पुली एका रेषेत आहेत ना, हे त्यांनी सरळ पट्टी लावून तपासले. थोडा जरी तिरकेपणा राहिला तरी बेल्टची एकच कड खाल्ली जाते, असे त्यांचे म्हणणे होते. घसरू नये म्हणून काही जण बेल्टला डांबर किंवा राळ लावतात, ते मात्र त्यांनी मला ठामपणे करू दिले नाही.

झाकण लावल्यानंतर आधी फक्त पाण्यावर आणि मग दोन सदऱ्यांवर मशीन चालवले. चकती दोन्ही दिशांना न अडखळता फिरली. त्यानंतरच आईने गाठोड्यातले बाकीचे कपडे टाकले. नवा बेल्ट सुरुवातीच्या वापरात थोडा ताणला जातो, म्हणून आठ दिवसांनी मी झाकण पुन्हा उघडून ताण पाहिला आणि मोटार जेमतेम दोन मिलिमीटर मागे घेतली. झाकणाच्या आतल्या बाजूला पांढऱ्या रंगाने बेल्टचा क्रमांक आणि तो बदलल्याची तारीख लिहून ठेवली आहे.