सूज नाही, खूण नाही

पावसाळ्यात पहाटे कुणी पोट दुखतंय, घसा आवळल्यासारखा वाटतोय म्हणत आलं, की मी आधी विचारतो, रात्री झोपला कुठे होतात? हा मुलगा जमिनीवर गोधडी टाकून झोपला होता. एका प्राथमिक आरोग्य केंद्रातून ॲसिडिटीचं इंजेक्शन घेऊन घरी गेला आणि जीभ जड झाली तेव्हा आमच्या ग्रामीण रुग्णालयात आला.

मला मण्यारीच्या दंशाची शंका आली, पण वडील ठाम होते. "डॉक्टर, पान लागलेलं नाही, साप चावलेला नाही. माझ्या भावाला फुरसं चावलं तेव्हा पाय केवढा सुजला होता!" त्या केंद्रातही हाच हिशेब झाला होता. सूज नाही, दातांची खूण नाही, काचेच्या कोरड्या नळीत २ मिली रक्त २० मिनिटं न हलवता ठेवलं तर गोठलं. म्हणजे साप नाही. कोकणात फुरशाचे रुग्ण सतत दिसतात, म्हणून सर्पदंश म्हटलं की सूज आणि रक्तस्रावच आठवतो. पण ती चाचणी फुरसं आणि घोणस यांच्यासाठी आहे. मण्यारीच्या विषात रक्त नेहमीसारखंच गोठतं. ते विष मज्जातंतूंची टोकं निकामी करतं. दात बारीक, त्यामुळे झोपेत चावल्याचं कळतही नाही.

त्याला वर बघत राहायला सांगितलं. मिनिटभरात दोन्ही पापण्या उतरल्या. उशीवरून मान उचलेना. एका दमात आकडे मोजताना १८ वर थांबला, थोड्या वेळाने ११ वर.

एएसव्हीच्या, म्हणजे सापाच्या विषावरच्या औषधाच्या, १० व्हायल काढल्या. पावडर विरघळवताना व्हायल जोरात हलवली की फेस होतो. ती तळहातांत हळू फिरवायची. सगळं सलाईनमधून तासाभरात द्यायचं, त्याची ॲलर्जी आलीच तर म्हणून उशाशी ॲड्रेनॅलिन ०.५ मिली भरून तयार. ॲट्रोपिनसोबत निओस्टिग्मिनही दिलं. नागाच्या दंशात त्याने पापण्या उघडू शकतात. इथे फरक पडला नाही, मण्यारीत बहुधा पडत नाहीच. एएसव्ही रक्तातलं विष बांधतं, टोकांना झालेली इजा भरून यायला दिवस लागतात. श्वास उथळ झाल्यावर नळी घातली आणि ॲम्ब्यू बॅग दाबत १०८ मधून जिल्ह्याला नेलं. व्हेंटिलेटरवर राहून मुलगा वाचला.

माझं निदानही आठवणीतूनच आलं, हे डोक्यातून जात नाही. शिकत असताना पोटदुखीची एक बाई पाहिली होती, अशाच उतरलेल्या पापण्यांची. मण्यारीच्या दंशात सूज नसते, हे पुस्तकातलं वाक्य त्या केंद्रातल्या डॉक्टरांनीही वाचलेलं असणारच. आपल्या प्रशिक्षणात सापांचे फोटो दाखवतात, पण दवाखान्यात साप येत नाही, माणूस येतो. फोटोऐवजी अशा रुग्णांचे, त्यांच्या संमतीने काढलेले, व्हिडिओ दाखवा.

आता त्या गावातून पोट दुखलं की माणसं थेट एएसव्ही मागतात. दंश नसताना ते दिलं तर ॲलर्जीने रक्तदाब कोसळू शकतो, हे त्यांना समजावतो. पापण्या, मान आणि एका दमातले आकडे तासातासाला तपासत २४ तास ठेवून घेतो. तरीही काही जण चिडतात.