टेनिसनच्या डोंगरावर, पण नातवासाठी

आयल ऑफ वाइटच्या पश्चिम टोकाला बहुतेक लोक नीडल्सचे खडक बघायला जातात, आणि ज्यांना कवितेची खोड आहे ते आल्फ्रेड टेनिसनसाठी. मला आजोबांपेक्षा नातवात रस होता. लायनेल टेनिसन, तिसरा बॅरन. फौजेतला अधिकारी, हॅम्पशायर काउंटीच्या क्रिकेट संघाचा कर्णधार, पक्का जुगारी.

साउदॅम्प्टनहून ब्रॉकनहर्स्ट, तिथे गाडी बदलून लिमिंग्टन पिअर, आणि उतरलं की समोरच यार्मथची फेरी. पलीकडे बस पकडून फ्रेशवॉटर बेला उतरलो. रस्त्याकडेला गवती छपराचं छोटंसं सेंट ॲग्नेस चर्च आहे. त्याची जागा लायनेलच्या वडिलांनी, हॅलम टेनिसन यांनी दिलेली. हे हॅलम पूर्वी ऑस्ट्रेलियाचे गव्हर्नर-जनरल होते. म्हणजे घराणं केवढं, याचा अंदाज यावा.

चर्चपासून पुढे टेनिसन डाउनचा चढ लागतो. पांढऱ्या खडूचा डोंगर, वर आखूड गवत, आणि डावीकडे जमीन एकदम संपून खाली समुद्र. कठडा-बिठडा काही नाही. वारा इतका की टोपी खिशात कोंबली. इथली हवा सहा पेन्स पाइंटच्या तोलाची आहे, असं म्हातारे टेनिसन म्हणायचे. माथा १४७ मीटरवर, तिथे १८९७ सालचा ग्रॅनाइटचा उंच क्रूस. कवीच्या स्मरणार्थ उभारलेला, पण खलाशांना खूण म्हणूनही, असं त्यावर कोरलंय. नातवाचं नाव अर्थातच कुठे नाही.

डोंगराच्या उत्तरेला झाडीत फॅरिंगफर्ड, टेनिसनांचं घर. मधल्या काळात तिथे हॉटेल होतं. लायनेलचा जन्म १८८९ चा, आजोबा गेले १८९२ ला, त्यामुळे दोघांची ओळख जेमतेमच. याच नावाचा त्याचा एक काका हिंदुस्थानात तापाने आजारी पडला आणि १८८६ मध्ये परतीच्या बोटीवर तांबड्या समुद्रात वारला.

आमचा लायनेल ईटन, केंब्रिज करून आधी कोल्डस्ट्रीम गार्ड्समध्ये आणि मग रायफल ब्रिगेडमध्ये गेला. १९१३ मध्ये प्रथम श्रेणीच्या पहिल्याच सामन्यात शतक ठोकलं, आणि त्याच हिवाळ्यात दक्षिण आफ्रिकेत पाच कसोटीही खेळून झाल्या. पुढे महायुद्ध. तो तीनदा जखमी झाला. धाकटा हॅरल्ड नौदलात, तो १९१६ मध्ये गेला. ऑब्री १९१८ मध्ये. तिघा भावांतला हा एकटा उरला. नंतरच्या त्याच्या बेफिकिरीकडे मी तरी या हिशेबाने बघतो.

१९२१ मध्ये ऑस्ट्रेलियाकडून ओळीने मार खाल्ल्यावर इंग्लंडने त्याला कप्तान केलं. हेडिंग्लीला क्षेत्ररक्षण करताना डावा हात फाटला, तर हा जवळजवळ एका हाताने बॅट धरून ग्रेगरी आणि मॅकडोनल्डच्या तोफखान्यापुढे उभा. ६३ आणि ३६! सामना हरलेच. पुढच्या मँचेस्टर कसोटीत त्याने नियमात बसत नसलेल्या वेळी डाव घोषित केला. ऑस्ट्रेलियन यष्टिरक्षक कार्टरने नियम दाखवला, बराच वेळ वाद झाला, आणि खेळ पुन्हा सुरू झाल्यावर गोंधळात आर्मस्ट्राँगने लागोपाठ दोन षटकं टाकली. कोणाच्या लक्षातच आलं नाही.

पण त्याचा खरा किस्सा एजबॅस्टनचा, जून १९२२. वॉरविकशायर २२३. हॅम्पशायर सर्वबाद १५, त्यातही ४ बाइज! आठ जण भोपळ्यावर. फॉलोऑन. समोरचा कप्तान कॅलथॉर्प हाही खानदानी. सामना आता लवकर संपणार, अशी थट्टा सुरू झाली, तेव्हा लायनेलने आपणच जिंकणार यावर पैजा लावल्या म्हणतात. हॅम्पशायरने दुसऱ्या डावात ५२१ केल्या आणि १५५ धावांनी सामना मारला.

पैजेची गोष्ट सगळे रंगवून सांगतात. मला मात्र दहाव्या नंबरवर आलेला वॉल्टर लिव्सी आठवतो. ब्राउनच्या १७२ ला साथ देत नाबाद ११०, दोघांची नवव्या गड्यासाठी १७७ ची भागीदारी. हा लिव्सी हॅम्पशायरचा यष्टिरक्षक, आणि एरवी टेनिसनसाहेबांचा खासगी नोकर, त्यांचे कपडे-बूट सांभाळणारा. त्या काळात हौशी आणि पगारी खेळाडूंच्या ड्रेसिंग रूम वेगळ्या. हौशींची आद्याक्षरं आडनावाआधी छापायची, पगारींची नंतर. साहेबांची पैज नोकराच्या बॅटने जिंकली, आणि नाव झालं साहेबांचं. माझ्या मते त्या सामन्याचा मानकरी लिव्सीच.

आपल्याकडेही हे साहेब येऊन गेलेत. डिसेंबर १९३७ मध्ये ब्रेबॉर्न स्टेडियमचं उद्घाटन झालं, ते क्रिकेट क्लब ऑफ इंडिया विरुद्ध लॉर्ड टेनिसनचा संघ या सामन्याने. विजय मर्चंट भारताचे कप्तान, अमरनाथ आणि कोवळा विनू मांकड संघात. पाच अनधिकृत कसोटी, चार झाल्यावर दोन-दोन अशी बरोबरी, आणि शेवटची पुन्हा मुंबईत. ती पाहुण्यांनी जिंकली. मांकड जगातल्या कुठल्याही संघात बसेल, हे मात्र टेनिसनने तेव्हाच ओळखलं होतं.

परतीच्या वाटेवर साउदॅम्प्टनला नॉर्थलँड्स रोडवर गेलो. हॅम्पशायरचं जुनं मैदान इथे होतं, आता घरं झालीत. बघण्यासारखं काही नाही. तो वेळ फ्रेशवॉटर बेला डिम्बोलामध्ये घालवा. कलकत्त्यात जन्मलेल्या ज्युलिया मार्गारेट कॅमेरॉनचं ते घर, आता फोटोग्राफीचं संग्रहालय. आणि डोंगरावर जाताना वाऱ्याला दाद न देणारं जाकीट न्याच.